गणपतीच्या स्टेजवर धसमुसळा विनोद बसवताना

बेळगाव, खानापूर, निपाणीकडे मंडपात मराठी आणि कन्नड बोलणारे शेजारी-शेजारी बसतात. तेव्हा हशा शाब्दिक कोट्यांवर सोडू नका, अंगाने काढा. अमेरिकेतल्या ‘द कॅरल बर्नेट शो’मधला (१९६७ ते १९७८) दंतवैद्याचा प्रवेश आधी नीट बघा. नवखा डॉक्टर टिम कॉनवे बधिर करायचं इंजेक्शन स्वतःलाच टोचून घेतो, आधी हाताला, मग पायाला. खुर्चीतल्या हार्वी कॉर्मनला हसू आवरत नाही. त्याचं ते हसू खरं आहे. तुमच्या पेशंटने मुद्दाम हसू नये, लगेच खोटं दिसतं.

खरी गंमत टोचल्यानंतरच्या थांबण्यात आहे. सुई लागली की दोन आकडे मोजेपर्यंत गप्प. नजर आधी सुईकडे, मग पेशंटकडे, आणि मगच हात खांद्यापासून सोडायचा. नुसतं मनगट लोंबकळलं तर हात मोडलेला वाटतो, बधिर नाही. दुसऱ्या हाताने तो उचलून टेबलावर ठेवा. तो घसरायलाच हवा. सिरिंज ५० मिलीची घ्या, मागच्या रांगेला दिसते. सुईच्या जागी शीतपेयाची नळी.

चापटीला मारणाऱ्याची पाठ प्रेक्षकांकडे ठेवा. हात गालापासून वीतभर लांबून जातो, आवाज मार खाणारा पोटापाशी टाळी देऊन काढतो आणि त्याच क्षणी मान फिरवतो. तिन्ही बाजूंनी माणसं बसली असतील तर कडेच्यांना मधली जागा सरळ दिसते. तिथे बाजूचे पडदे सोडा, नाहीतर चापट गाळा.

मोठ्या आवाजासाठी ६ मिमी प्लायच्या दीड फूट लांब, दोन इंच रुंद दोन पट्ट्या घ्या. मुठीकडच्या पाच इंचांत मध्ये ५ मिमीची पट्टी घालून स्क्रूने आवळा. विंगेत माइकजवळ तळहातावर मारली की फाडकन वाजते. फट फार मोठी झाली तर पट्ट्या एकमेकींना भिडत नाहीत, नुसताच ‘ठप्’ येतो.

पडताना गुडघे वाकवून आधी कुल्ल्यावर बसा, मग पाठीवर लोळा. हात मागे टेकला की मनगट गेलंच म्हणून समजा. भाद्रपदात पावसाचा नेम नाही. ओल्या फळ्यांवर सतरंजी सरकते, म्हणून कडा खिळ्यांनी ठोका. तोंडावर फासायला दाढीचा फेस नको, डोळे चुरचुरतात. फेटलेलं क्रीम वापरा. ते खाली सांडतं आणि निसरडं होतं, त्यामुळे तो प्रवेश सगळ्यात शेवटी.