अमेरिकन रंगभूमीचा इतिहास शिकताना: नव्या विद्यार्थ्यांसाठी

पुण्यात इंग्रजी साहित्यात एम. ए. करताना अमेरिकन नाटक म्हणजे युजीन ओनील, टेनेसी विल्यम्स आणि आर्थर मिलर, अशीच माझी समजूत होती. न्यूयॉर्कमध्ये नाट्येतिहासाच्या अभ्यासक्रमाला प्रवेश मिळाल्यावर पहिल्याच सत्रात मी मिलर यांच्या ‘डेथ ऑफ अ सेल्समन’वर मोठ्या मेहनतीने पंधरा पानांचा निबंध लिहिला. तो परत आला तेव्हा समासात प्राध्यापिकांनी एकच प्रश्न लिहिला होता: हे नाटक पाहायला कोण बसले होते? मी नायकाच्या स्वप्नभंगाबद्दल सगळे लिहिले होते, पण १९४९ साली त्या नाट्यगृहात काय घडत होते याबद्दल एक ओळही नव्हती. पुढे वाचताना कळले की मिलर यांच्या मूळ कल्पनेत रंगमंचावर घरच नव्हते. नेपथ्यकार जो मिल्झायनर यांनी घराचा उघडा सांगाडा मध्यभागी उभा करण्याची कल्पना मांडली, त्यानुसार संहितेत फेरफार झाले, आणि ज्या रंगसूचना मी लेखकाच्या म्हणून उद्धृत केल्या होत्या त्यांच्यावर त्या नेपथ्याची छाप होती. या विषयाकडे येणाऱ्या प्रत्येकाला मी म्हणूनच आधी हे सांगतो की संहितेपासून सुरुवात करू नका. इमारत, पैसा आणि प्रेक्षक यांच्यापासून करा.

यासाठी अ‍ॅस्टर प्लेसच्या दंगलीइतके चांगले प्रवेशद्वार मला दुसरे सापडलेले नाही. १८४९ च्या मे महिन्यात इंग्रज नट विल्यम मॅक्रेडी न्यूयॉर्कच्या अ‍ॅस्टर प्लेस ऑपेरा हाउसमध्ये मॅकबेथची भूमिका करत होता, आणि त्याचा अमेरिकन प्रतिस्पर्धी एडविन फॉरेस्ट शहरातल्याच दुसऱ्या नाट्यगृहात गाजत होता. ऑपेरा हाउस श्रीमंतांनी वर्गणी काढून बांधलेले होते आणि तिथे हातमोजे घालून यावे अशी अपेक्षा असे. फॉरेस्टचे चाहते बहुतांशी बावरी भागातले कामकरी लोक होते. ७ मे रोजी मॅक्रेडीवर अंडी आणि बटाटे फेकले गेले, खुर्च्याही रंगमंचावर येऊन आदळल्या. तो मायदेशी निघाला होता, परंतु वॉशिंग्टन अर्व्हिंग आणि हर्मन मेलव्हिल यांच्यासह शहरातल्या प्रतिष्ठितांनी जाहीर पत्र काढून त्याला थांबवले, आणि १० मे रोजी पुन्हा प्रयोग लागला. बाहेर हजारोंचा जमाव जमला, सैनिकांनी गोळीबार केला आणि किमान २२ माणसे मेली. वरवर पाहता भांडण शेक्सपिअर कोण चांगला करतो याचे होते, पण त्यामागे रंगभूमी कोणाच्या मालकीची, हा प्रश्न होता.

मी तिथे गेलो तेव्हा ती इमारत अर्थातच नव्हती. पण पाच मिनिटांच्या अंतरावर, जुन्या अ‍ॅस्टर ग्रंथालयाच्या वास्तूत, जोसेफ पॅप यांनी उभे केलेले पब्लिक थिएटर आहे. १९६७ मध्ये ‘हेअर’ आणि २०१५ मध्ये ‘हॅमिल्टन’ ही संगीत नाटके ब्रॉडवेवर जाण्यापूर्वी इथेच झाली. त्या एका गल्लीत उभे राहून मला या विषयाचा जेवढा अदमास आला, तेवढा पहिल्या सत्रातल्या पुस्तकांतून आला नव्हता.

वसाहतकाळात फार दिवस घालवू नका. हॅलम यांची इंग्रज नाटकमंडळी १७५२ मध्ये व्हर्जिनियातील विल्यम्सबर्गला आली आणि रॉयल टायलर यांचे ‘द कॉन्ट्रास्ट’ १७८७ मध्ये न्यूयॉर्कला रंगले, एवढे सुरुवातीला पुरते. मात्र एकोणिसाव्या शतकातील कृष्णवर्णीयांच्या रंगभूमीचा भाग घाईने उरकू नका. १८२१ मध्ये विल्यम ब्राउन यांनी न्यूयॉर्कमध्ये कृष्णवर्णीय नटांचे आफ्रिकन ग्रोव्ह थिएटर काढले. तिथे शेक्सपिअर होत असे, आणि हे नाट्यगृह काही वर्षांतच बंद पडले. पुढे युरोपभर नाव मिळवलेला नट आयरा ऑल्ड्रिज याच वर्तुळातून आला, पण ते नाव मिळवण्यासाठी त्याला देश सोडावा लागला. दरम्यान तोंडाला काळे फासून कृष्णवर्णीयांची टिंगल करणाऱ्या गोऱ्या नटांचे मिन्स्ट्रेल खेळ देशभर लोकप्रिय झाले. १८४३ मध्ये, म्हणजे सांगलीला विष्णुदास भाव्यांचे ‘सीतास्वयंवर’ झाले त्याच वर्षी, न्यूयॉर्कमध्ये जमलेल्या व्हर्जिनिया मिन्स्ट्रेल्स या मंडळीने पूर्ण संध्याकाळचा असा खेळ रूढ केला. हा भाग वाचताना त्रास होतो आणि तो व्हायलाच हवा; त्यातली गाणी, नाच आणि विनोदाची पद्धत पुढच्या लोकप्रिय रंगभूमीत मुरलेली आहे, त्यामुळे तो वगळून संगीत नाटकाचा इतिहास लागत नाही.

ओनील यांच्याकडेही याच वाटेने जावे. १९१६ च्या उन्हाळ्यात मॅसॅच्युसेट्समधील प्रॉव्हिन्सटाउन गावच्या धक्क्यावर, मासळीच्या जुन्या शेडमध्ये, हौशी मंडळींनी त्यांचा पहिला प्रयोग केला. नाटक जहाजावर घडणारे होते आणि फळ्यांखाली खरा समुद्र होता. त्याच उन्हाळ्यात, त्याच जागेवर, सुझन ग्लास्पेल यांचे ‘ट्रायफल्स’ झाले, जे वर्गात शिकवायला मला आजही सर्वांत उपयोगी वाटते.

प्रबंधासाठी विषय शोधत असाल, तर फेडरल थिएटर प्रोजेक्ट आधी पाहा. मंदीच्या काळात बेकार रंगकर्मींना काम देण्यासाठी सरकारने १९३५ मध्ये ही योजना काढली आणि हॅली फ्लॅनगन यांच्याकडे सोपवली. हजारो लोकांना पगार मिळाला. १९३६ मध्ये न्यूयॉर्कमधल्या हार्लेम या कृष्णवर्णीयांच्या वस्तीतील लाफायेट थिएटरात वीस वर्षांच्या ऑर्सन वेल्सने केवळ कृष्णवर्णीय नट घेऊन, कॅरिबियन बेटावर घडणारा ‘मॅकबेथ’ बसवला. १९३८ च्या ‘वन थर्ड ऑफ अ नेशन’मध्ये झोपडवजा चाळींचा प्रश्न ‘जिवंत वर्तमानपत्र’ या प्रकारात, आकडेवारी आणि कायदेमंडळातील भाषणांसह रंगमंचावर मांडला गेला, आणि त्यासाठी हॉवर्ड बे यांनी अनेक मजल्यांची मोडकळीला आलेली इमारत उभी केली होती. अमेरिकन काँग्रेसच्या, म्हणजे संसदेच्या, कम्युनिस्ट प्रभाव शोधणाऱ्या चौकशी समितीपुढे फ्लॅनगन यांना, सोळाव्या शतकातला नाटककार मार्लो कम्युनिस्ट होता का, असे विचारण्यात आले. १९३९ च्या जूनअखेर निधी बंद झाला. योजनेची बरीचशी कागदपत्रे विस्मरणात गेली होती. ती १९७४ मध्ये बाल्टिमोरजवळच्या विमानतळावरील एका हँगरमध्ये संशोधकांना सापडली. आज त्यांतला निवडक भाग लायब्ररी ऑफ काँग्रेसच्या संकेतस्थळावर विनामूल्य पाहता येतो. नागपूर किंवा कोल्हापुरात बसूनही ‘मॅकबेथ’ची वेशभूषेची चित्रे आणि प्रयोगाची छायाचित्रे उघडता येतात, व्हिसा आणि शिष्यवृत्तीची वाट पाहत वर्ष घालवण्यापेक्षा मी तेव्हाच हे सुरू करायला हवे होते, असे आता वाटते.

काही शब्दांचे नेमके अर्थ लवकर पक्के करून घ्या. ब्रॉडवे ही निव्वळ रस्त्याची खूण नाही. पाचशे किंवा अधिक आसनांचे ठरावीक नाट्यगृह असा तिचा व्यावहारिक अर्थ आहे. शंभर ते ४९९ आसने असली की ऑफ-ब्रॉडवे, आणि त्याहून लहान जागा ऑफ-ऑफ-ब्रॉडवे. नटांचे करार आणि पगार याच वर्गवारीवर ठरतात, त्यामुळे एलन स्टुअर्ट यांनी १९६१ मध्ये तळघरात ला मामा हे छोटे नाट्यगृह का सुरू केले, हे समजायला आसनसंख्या ठाऊक असावी लागते. लोरेन हॅन्सबेरी यांचे ‘अ रेझिन इन द सन’ १९५९ मध्ये ब्रॉडवेवर आले ही घटना का मोठी होती, हेही तसेच कळते: ब्रॉडवेवर सादर झालेले ते कृष्णवर्णीय स्त्रीचे पहिले नाटक होते.

न्यूयॉर्कला पोहोचलात तर लिंकन सेंटरमधील सार्वजनिक ग्रंथालयाच्या नाट्यचित्रण संग्रहाची वेळ आधी घ्या. १९७० पासून प्रत्यक्ष प्रेक्षकांसमोर झालेल्या प्रयोगांची चित्रणे तिथे जपली आहेत. अभ्यासाचे कारण सांगावे लागते आणि चित्रण तिथेच बसून पाहावे लागते. ऑगस्ट विल्सन यांच्या एका नाटकाचे चित्रण मी कानाला हेडफोन लावून पाहिले. एका दीर्घ स्वगताच्या मध्ये प्रेक्षागृहातून एका बाईचा ‘हं’ असा ओळखीचा हुंकार आला, मागोमाग आणखी दोन-तीन आले, आणि नट क्षणभर थांबून पुढे बोलू लागला. छापील संहितेत त्या जागी साधा स्वल्पविरामही नव्हता. मी वहीत मिनिट आणि सेकंद लिहून घेतले, आणि माझ्या प्रबंधाचे पहिले प्रकरण त्या नोंदीपासून सुरू झाले.