गाडीत नवा स्टिरिओ बसवताय? वायरिंगच्या या चुका टाळा

अँड्रॉइड स्टिरिओ आता इतके परवडायला लागलेत की जुन्या वॅगनआर, स्विफ्ट, आय१० मध्येही लोक नऊ इंची स्क्रीन बसवून घेतात. बसवायचं कामही तसं अवघड नाही. एक फ्रेम, चार स्क्रू, मागे दोन-तीन कपलर (वायरींचे प्लग). तक्रारी सुरू होतात त्या नंतर. दोन दिवस गाडी उभी राहिली की सेल्फ घेत नाही, रोज सकाळी घड्याळ बारा दाखवतं, आवाज वाढवला की स्क्रीन बंद पडते. मग "माल डुप्लिकेट निघाला" म्हणून स्टिरिओ दुकानात परत जातो आणि नवा आला तरी तेच होतं. अशा तक्रारींत पहिला संशय वायरिंगवर घ्यावा, आणि वायरिंगमधल्या बहुतेक चुकांच्या मुळाशी एकच सवय असते: वायरचा रंग बघून जोडणं.

रंगाला रंग जोडणं

बाजारातल्या बहुतेक स्टिरिओंच्या वायरींचे रंग ठरलेले असतात. पिवळी म्हणजे बॅटरीची कायम १२ व्होल्टची, लाल म्हणजे किल्ली फिरवल्यावर चालू होणारी, काळी अर्थची, म्हणजे गाडीच्या बॉडीला जाणारी. निळी अँटेनाला, निळी-पांढरी अ‍ॅम्प्लिफायर चालू करायला, केशरी हेडलाईटबरोबर स्क्रीन मंद करायला. स्पीकरमध्ये पांढरी जोडी पुढच्या डाव्याची, राखाडी पुढच्या उजव्याची, हिरवी मागच्या डाव्याची आणि जांभळी मागच्या उजव्याची. ज्या वायरवर काळी पट्टी ती निगेटिव्ह.

हे सगळं स्टिरिओच्या बाजूचं झालं. गाडीच्या बाजूच्या वायरींना हे रंग लागू नाहीत. प्रत्येक गाडी कंपनीची स्वतःची रंगपद्धत असते, आणि एकाच कंपनीच्या दोन मॉडेलांतही ती बदलते. गाडीकडून आलेली लाल वायर कायम चालू असू शकते, काळी वायर चक्क स्पीकरची असू शकते. म्हणून रंग बाजूला ठेवा आणि मीटर हातात घ्या. साधा डिजिटल मल्टिमीटर मुंबईत लॅमिंग्टन रोडवर किंवा पुण्यात पासोड्या विठोबाच्या आसपासच्या दुकानांत काहीशे रुपयांत मिळतो. या कामासाठी तेवढा पुरतो.

तपासायची रीत सोपी आहे. जुना स्टिरिओ काढून घ्या. मीटर डीसी २० व्होल्टवर ठेवा, काळी प्रोब बॉडीच्या उघड्या धातूला लावा आणि लाल प्रोब गाडीच्या कपलरमधल्या एकेका पिनला. किल्ली काढलेली असताना जिथे साधारण साडेबारा व्होल्ट दिसतात, ती बॅटरीची वायर. तिथे स्टिरिओची पिवळी जाईल. आता किल्ली पहिल्या खटक्यावर आणा, जिला नव्याने व्होल्टेज आलं ती लालची जागा. पार्किंग लाईट लावल्यावर जी जागी होते ती केशरीची. मग किल्ली बंद करा, मीटर बझरवर (जोड असला की वाजणाऱ्या खुणेवर) टाका आणि बॉडीबरोबर जी वाजते ती अर्थची. उरलेल्यांत स्पीकरच्या जोड्या शोधायला मीटर ओहमवर घ्या. चार ओहमच्या स्पीकरची जोडी मीटरवर साडेतीनच्या आसपास दाखवते. प्रत्येक वायर ओळखली की लगेच तिला कागदी टेपची चिकटपट्टी लावून तिचं नाव लिहा, कारण डॅशबोर्डच्या आत मान वाकडी करून बघताना दोन सारख्या वायरींची सहज अदलाबदल होते.

गाडीचा कपलर कापणं

हे मला सगळ्यात जास्त खटकतं. कंपनीचा कपलर कापून वायरी सरळ पीळ देऊन जोडल्या की काम दहा मिनिटांत उरकतं, पण पुढे जुना स्टिरिओ परत बसवायचा झाला, गाडी विकायची झाली किंवा वॉरंटीत इलेक्ट्रिकलचं काम निघालं, तर कापलेली वायर बघून सर्व्हिस सेंटर हात वर करतं. जवळजवळ प्रत्येक चालू मॉडेलसाठी तयार कपलर मिळतो. एका बाजूला गाडीचं सॉकेट, दुसऱ्या बाजूला स्टिरिओचं. स्टिरिओबरोबर आला नसेल तर दुकानदाराकडून मॉडेल आणि वर्ष सांगून मागून घ्या. तयार कपलर असला तरी वरची मीटरची तपासणी टाळू नका. फोक्सवॅगन, स्कोडा यांच्या बऱ्याच जुन्या गाड्यांत कायम चालू आणि किल्लीवरची या दोन पिनांच्या जागा नेहमीच्या आयएसओ (आंतरराष्ट्रीय प्रमाणाच्या) सॉकेटपेक्षा उलट्या असतात. म्हणून अनेक कपलरांत पिवळ्या-लाल वायरींच्या मध्येच अदलाबदल करता येईल असे छोटे जोड दिलेले असतात.

बॅटरी न काढता आणि एअरबॅगजवळ हात घालणं

वायरी ओळखून झाल्या की किल्ली काढा, बॅटरीचं निगेटिव्ह टर्मिनल सोडवा आणि दहा मिनिटं थांबा. एअरबॅगच्या यंत्रणेत बॅटरी काढल्यावरही थोडा वेळ चार्ज राहतो, म्हणून हे थांबणं. भारतात १ जुलै २०१९ पासून नव्या गाड्यांत ड्रायव्हरची एअरबॅग सक्तीची आहे, त्यामुळे स्टेअरिंगच्या आजूबाजूला पिवळं आवरण किंवा पिवळा कपलर दिसला तर तो एअरबॅगचाच समजा. त्याला मीटर लावायचा नाही, टेस्ट लॅम्प तर मुळीच नाही. डॅशबोर्डचा पॅनेल काढताना एअरबॅगशी संबंधित एखादा प्लग निघाला, तर तो परत बसवल्याशिवाय किल्ली फिरवू नका. प्लग सुटा असताना किल्ली फिरवली तर अनेक गाड्यांत एअरबॅगचा दिवा कायमचा लागून राहतो आणि तो स्कॅनर लावूनच घालवावा लागतो.

पिवळी आणि लाल एकत्र बांधणं

किल्लीवरची वायर सापडली नाही की काही जण पिवळी-लाल एकत्र करून बॅटरीच्या वायरला जोडतात. स्टिरिओ चालतो, गाडी बंद असताना गाणीही ऐकता येतात, म्हणून गिऱ्हाईकही खूश. पण मग स्टिरिओला गाडी बंद झाल्याचं कळतच नाही. छोट्या पेट्रोल गाडीची बॅटरी साधारण ३५ अँपिअर-तासाची असते. स्टिरिओने स्क्रीन बंद दिसत असतानाही अर्धा अँपिअर घेतला, तर दिवसाला १२ अँपिअर-तास गेले. दोन दिवसांत सेल्फ मारण्यापुरतीही ताकद उरत नाही. सगळं बंद करून गाडी शांत झाल्यावर एकूण ओढ साधारण ५० मिलिअँपिअरच्या आत असावी. मीटर अँपिअरच्या भोकात लावून बॅटरीच्या निगेटिव्हच्या मध्ये जोडला की हे मोजता येतं. मीटर जोडलेला असताना सेल्फ मात्र मारू नका, मीटरचा फ्यूज जाईल.

उलट चूक असेल, म्हणजे पिवळी किल्लीवर गेली असेल, तर लक्षण वेगळं: गाडी बंद केली की घड्याळ, स्टेशनं, इक्वलायझर सगळं पुसलं जातं. आणि सेल्फ मारताना दरवेळी स्क्रीन पहिल्यापासून सुरू होत असेल, तर बॅटरी अशक्त आहे का आणि पिवळ्या वायरचा जोड पक्का आहे का, हे आधी बघा.

नव्या गाड्यांपैकी काहींत स्टिरिओच्या कपलरवर किल्लीची वायरच नसते. तो निरोप कॅनबसवरून, म्हणजे गाडीतल्या कॉम्प्युटरांना जोडणाऱ्या डेटा लाईनवरून येतो. तिथे त्या मॉडेलचा कॅनबस डबा घ्यावा लागतो. तो घेणं जमत नसेल तर फ्यूज बॉक्समध्ये किल्लीवर चालणारी जागा शोधून फ्यूज टॅप (फ्यूजच्या जागेतून जादा वायर काढणारा जोड) लावा.

अर्थ कुठेही लावणं

या चुकीचा पत्ता पटकन लागत नाही. डॅशबोर्डच्या आतल्या रंगवलेल्या स्क्रूखाली काळी वायर दाबली की स्टिरिओ चालू होतो, म्हणून सगळ्यांना वाटतं अर्थ झाली. खरं तर वीज परतीचा रस्ता दुसरीकडूनच शोधते, एरियलच्या (अँटेनाच्या) केबलच्या जाळीतून किंवा अ‍ॅम्प्लिफायरच्या आवाजाचा सिग्नल नेणाऱ्या आरसीए केबलमधून. त्या केबली असल्या करंटसाठी नसतात. परिणाम म्हणजे इंजिन वाढवलं की आवाजाबरोबर चढणारी शीळ, मोठ्या आवाजावर बंद पडणारी स्क्रीन, आणि आतला आरसीएचा बारीक फ्यूज जळणं.

तपासायची एक छान युक्ती आहे: स्टिरिओ चालू ठेवून एरियलची पिन ओढा. स्टिरिओ बंद पडला किंवा मंद झाला, तर तो एरियलमधून अर्थ घेत होता. दुसरी तपासणी मीटरची. आवाज मोठा ठेवून काळ्या वायरपासून बॅटरीच्या निगेटिव्हपर्यंत डीसी व्होल्टेज मोजा, ०.१ ते ०.२ व्होल्टच्या वर गेलं तर जोड कच्चा आहे. पॉलिश पेपरने रंग खरवडून चमकता धातू दिसेल तिथे रिंग लग (वायरच्या टोकाची गोल कडी) लावून बोल्ट घट्ट करा. कंपनीच्या कपलरमध्ये चांगली अर्थ असेल तर स्टिरिओपुरती तीच पुरते. अ‍ॅम्प्लिफायरला मात्र स्वतःची, छोटी आणि जाड अर्थ हवी.

स्पीकरची निगेटिव्ह बॉडीला

जुन्या गाड्यांत स्पीकरच्या निगेटिव्ह वायरी एकत्र करून बॉडीला दिलेल्या असायच्या. आजच्या स्टिरिओत हे केलं तर आतली अ‍ॅम्प्लिफायरची आयसी (चिप) जाते, कारण आता स्पीकरच्या दोन्ही वायरींवर सिग्नल असतो. चालू स्टिरिओच्या स्पीकर वायरवर बॉडीच्या तुलनेत मीटर लावला तर दोन्हींवर साधारण सहा व्होल्ट दिसतात. त्यातली एक बॉडीला टेकली की झालं. दरवाजातला जुना स्पीकर, ज्याची वायर पत्र्याला घासून सोललेली असते, तोही हेच करतो. नवा स्टिरिओ चालू करण्याआधी आठही स्पीकर वायरी बॉडीबरोबर बझरवर तपासा. एकही वाजता कामा नये.

स्पीकरचा प्लस-मायनस उलटला तर काही जळत नाही, पण बास गायब होतो. एक स्पीकर बाहेर ढकलतो तेव्हा दुसरा आत ओढतो, आणि ठेका हवेतच विरतो. बॅलन्स पूर्ण डावीकडे नेल्यावर बास वाढला आणि मध्यावर आणल्यावर कमी झाला, तर एक जोडी उलटी आहे. दीड व्होल्टचा सेल क्षणभर लावून बघा: सेलचं प्लस स्पीकरच्या प्लसला लागलं तर पडदा बाहेर येतो.

एका चॅनलला दोन चार-ओहमी स्पीकर समांतर जोडले तर भार दोन ओहमचा होतो. बहुतेक स्टिरिओ तो सहन करत नाहीत.

फ्यूज उडाला म्हणून मोठा घालणं

फ्यूज वायरला वाचवायला असतो. वायर दहा अँपिअरची आणि फ्यूज तीसचा, तर शॉर्ट झाल्यावर फ्यूज शाबूत राहतो आणि डॅशबोर्डमागची वायर तापते. तांब्याची तार गुंडाळलेला किंवा सिगारेटच्या पाकिटातली चांदी लावलेला फ्यूज कुठेही दिसला तर तो आजच बदला. ब्लेड फ्यूजचे रंग लक्षात ठेवायला सोपे आहेत: दहाचा लाल, पंधराचा निळा, वीसचा पिवळा, तीसचा हिरवा. स्टिरिओच्या मागे दहाचा किंवा पंधराचा असतो, तेवढाच ठेवा. खोक्यावर "५० वॅट गुणिले ४" छापलंय म्हणून मोठा फ्यूज लागत नाही. १४.४ व्होल्टवर चार ओहमच्या स्पीकरला स्वच्छ आवाजात जास्तीत जास्त २६ वॅटच्या आसपास मिळू शकतात, त्यापलीकडे नुसती फाटलेली गाणी.

अ‍ॅम्प्लिफायर लावत असाल तर त्याची जाड वायर थेट बॅटरीवरून घ्या आणि बॅटरीपासून दीड फुटाच्या आत फ्यूज लावा. बोनेटमधून आत येताना पत्र्याच्या भोकाला रबरी ग्रोमेट (भोकाच्या कडेचं गोल आवरण) हवाच. स्वस्त जाड वायरीत बरेचदा तांब्याचा मुलामा दिलेलं अ‍ॅल्युमिनियम असतं. ब्लेडने एक तार खरवडली की पांढरी चकाकी दिसते. ती घ्यायचीच असेल तर एक साईज जाड घ्या.

पीळ आणि टेप

मे महिन्यात विदर्भात किंवा मराठवाड्यात उन्हात उभ्या गाडीच्या डॅशबोर्डला हात लावून बघा. त्या उष्णतेत टेपचा डिंक पातळ होतो, टेप सरकतो आणि चिकट, काळी, उघडी वायर शेजारच्या वायरला टेकते. क्रिंप करून (जोडावर धातूची नळी पकडीने दाबून) हीट श्रिंक (गरम केल्यावर आवळणारी नळी) घाला, किंवा सोल्डर करून हीट श्रिंक घाला. क्रिंप केलेली वायर बोटांनी जोरात ओढून बघा. निघाली तर पुन्हा करा.

कॅमेरा आणि हँडब्रेक

रिव्हर्सची वायर मागच्या रिव्हर्स दिव्याच्या प्लसवरून घ्या. कंपनीचाच कॅमेरा नव्या स्क्रीनला जोडायचा असेल तर आधी त्याचं व्होल्टेज बघा, काही गाड्यांत तो सहा व्होल्टवर चालतो आणि बारा दिले की जातो. व्हिडिओ फक्त हँडब्रेक ओढल्यावरच चालावा म्हणून असलेली हँडब्रेकची वायर सरळ बॉडीला देऊन चालत्या गाडीत व्हिडिओ सुरू करून देणारे दुकानदार बरेच आहेत. ते करू देऊ नका. घाटात समोरच्या ट्रकऐवजी स्क्रीनकडे गेलेली नजर परत यायला फार वेळ लागतो.

एफएमची घरघर

आधी निळी वायर बघा. बूस्टर असलेल्या अँटेनाला १२ व्होल्ट लागतात आणि ते निळ्यावरून जातात. ते ठीक असेल तर सेटिंगमध्ये रेडिओचा प्रदेश बघा. अमेरिकेवर असेल तर स्टेशनं दोन-दोन दशांशांनी सरकतात, ९८.३ लागतं पण पुण्याचं विविध भारती १०१ लागत नाही, १००.९ नाहीतर १०१.१ वर थांबतं आणि फाटकं ऐकू येतं. प्रदेश युरोप करा. आणि गाडीतला स्वस्त यूएसबी चार्जर काढून बघा, बरीच घरघर त्याचीच असते.

पॅनेल परत लावण्याआधी इंजिन चालू करून दिवे, हॉर्न, इंडिकेटर, हॅझार्ड, एसी, रिव्हर्स सगळं एकदा चालवून बघा, वायरींना टाय मारा आणि स्टेअरिंगच्या दांड्याजवळ किंवा पेडलवर एकही लोंबत नाही ना ते टॉर्च मारून पाहा. स्टिरिओचं बिल जपून ठेवा आणि विमा कंपनीला कळवा. गाडीच्या मूळ किमतीत नसलेल्या इलेक्ट्रॉनिक वस्तू पॉलिसीत आयएमटी २४ या कलमाखाली वेगळ्या नोंदवाव्या लागतात, नाहीतर चोरी झाली तर स्टिरिओचे पैसे मिळत नाहीत.