पोरींनो, बीजीएमआय (मोबाइलवरचा गोळीबाराचा ऑनलाइन गेम) सुरू करताय? गनच्या आधी माइकचं बघा

मुलगी खेळतेय कळलं की कुठली गन घ्यायची हे शिकवायला दहा दादा उगवतात, माइकवर कुणी घाण बोललं तर काय करायचं ते मात्र कुणी सांगत नाही, म्हणून मी तिथूनच सुरू करते.

आयडीला खरं नाव, जन्मसाल, कॉलेज असलं काही टाकू नका. नाशिक काय एवढं मोठं नाहीये, सिडकोसारखा एरिया अन् कॉलेजचं नाव एवढ्यावर पोरं इन्स्टा शोधून काढतात. नाव असं ठेवा की मुलगा की मुलगी कळूच नये. हो, लपायचं आपणच का, हा राग मलाही येतो, पण रँक चढवायची तर डोकं शांत पाहिजे ना.

रँडम लोकांसोबत खेळताना स्पीकर टीमवर चालू, माइक बंद. नकाशावर मार्कर टाका, क्विक चॅटमधले तयार मेसेज वापरा, एवढ्यात काम भागतं. माइक चालू केला आणि कुणी 'अरे लडकी है क्या' सुरू केलं तर त्या एकट्याला म्यूट करा आणि मॅच संपल्यावर रिपोर्ट टाका. भांडत बसू नका, तुम्ही त्याला सुनावताय तोवर शेजारच्या बिल्डिंगमधून समोरची अख्खी स्क्वॉड, म्हणजे टीम, येते आणि तुम्ही मरून परत लॉबीत, सुरुवातीच्या स्क्रीनवर.

खरी मजा आपल्या टीममध्येच. मैत्रीण, मावसबहीण, जी असेल तिला ओढा, रविवारी मिसळ झाली की बसा. आधी टीडीएममध्ये (दोन टीमची छोटी मॅच) वेअरहाऊस हा नकाशा खेळा, 40 किल झाले की मॅच संपते, म्हणजे मेलं तरी लगेच परत उभं. जायरोस्कोप (फोन हलवून नेम धरायची सेटिंग) 'स्कोप ऑन' ला ठेवा, फोन किंचित पुढे झुकवून रिकॉइल, म्हणजे गोळ्या झाडताना वर उडणारी गन, आवरायची सवय लागते, पहिले काही दिवस हात वेडेवाकडे जातील, जाऊ द्या. इअरफोन वायरचाच घ्या, ब्लूटूथमध्ये पावलांचा आवाज उशिरा येतो.

पीसी असेल तर व्हॅलोरंट या शूटिंग गेमला मुंबई सर्व्हर निवडा, नाशिकहून पिंग बरा मिळतो, म्हणजे गेम अडकत नाही. त्यात 2021 पासून गेम चेंजर्स म्हणून बायकांच्या वेगळ्या स्पर्धा होतात, त्या मॅच बघा, टीमला कॉल, म्हणजे सूचना, कशा द्यायच्या ते कळतं.

फुकट यूसी (बीजीएमआयमधले विकतचे पैसे) देतो म्हणून कुणी ओटीपी मागितला तर सरळ ब्लॉक. पैसे गेलेच तर लगेच 1930 ला फोन, आणि कुणी फोटो मागून त्रास देत असेल तर चॅट डिलीट न करता स्क्रीनशॉट काढून घरी दाखवा, सायबर क्राइमच्या पोर्टलवर तक्रार करता येते.

अन् हो, बीजीएमआयच्या एरँगल या मोठ्या नकाशावरची मॅच शेवटपर्यंत गेली तर अर्धा तास घेते आणि मध्येच पॉज होत नाही, हे मम्मीला आधीच सांगून ठेवा, नाहीतर शेवटच्या झोनमध्येच, ऐन निकालाच्या वेळी, कुकरच्या शिट्ट्या मोजायला बोलावतात.