ओसाड किनाऱ्यावर शॉर्टफिल्म करताय? या चुका टाळा

आमची गोष्ट साधी होती, समुद्राकाठचं गाव, माणसं कधीच निघून गेलेली, एक मुलगी परत येते. डायलॉग शून्य. नेरूळहून उरण लोकल पकडली (२०२४ पासून थेट उरणपर्यंत जाते, टेम्पोचे पैसे वाचले) आणि संध्याकाळी पिरवाडीला पोचलो तर किनाराच गायब, पाणी पार वरपर्यंत.

पहिली चूक हीच. सनसेटची वेळ बघून तारीख काढली, तिथी बघितलीच नाही. अष्टमी होती. जुना हिशोब आहे, तिथीची पाऊणपट केली की भरतीची वेळ, म्हणजे अष्टमीला साधारण ६. संध्याकाळी लांबच्या लांब ओली रिकामी वाळू हवी असेल तर अमावस्या-पौर्णिमेच्या आसपास जा, तेव्हा भरती बाराच्या सुमारास आणि ओहोटी सहाच्या, शिवाय पाणी आतही जास्त जातं. भरतीचं टाइमटेबल ऑनलाइन मिळतंच, तेही बघा.

रविवारी तर जाऊच नका, अर्धी नवी मुंबई तिथेच असते.

मग पावलं! गाव ओसाड आणि फ्रेममध्ये आमच्याच फ्लोटर्सचे ठसे, टेक टूमध्ये तर हिरोइनच्या आधीच तिची पावलं पुढे गेलेली. वाइड शॉट सगळ्यात आधी घ्या, आणि युनिटने कॅमेऱ्याच्या मागूनच फिरायचं, चहावाल्यासकट.

सूर्य बुडाल्यावर निळा उजेड जेमतेम २०-२५ मिनिटं टिकतो, लेन्स बदलत बसलात तर गेला.

पण खरी माती होते ती साउंडमध्ये. माइकवर केसाळ कव्हर नव्हतं, त्यामुळे सगळीकडे नुसतं फडफड-घुर्र, ते लपवायला आम्ही भुताटकीचं म्युझिक ओतलं आणि मित्र म्हणाला, अरे भूत कधी येणार? शेवटी म्युझिक काढून टाकलं, रात्री दिवाळे कोळीवाड्यात जाऊन बांधलेल्या होडीचा दोर कुरकुरताना रेकॉर्ड केला आणि तेवढ्यावर गाव रिकामं झालं. म्हणून लोकेशनवर सगळ्यांना गप्प बसवून दोन मिनिटं नुसता आवाज घ्याच.

ड्रोन घरी ठेवा, उरणला नौदल आहे, बंदर आहे, नसती भानगड.

आणि लेन्सवर खारं पाणी उडलं तर टी-शर्टने पुसू नका, आधी ब्लोअर (हवा मारायचा छोटा रबरी पंप), मग ओलसर कपडा. माझ्या लेन्सवर त्या संध्याकाळचा ओरखडा अजून आहे, सूर्य समोर असला की बरोब्बर दिसतो.