बाद फेरीची भाग्यपत्रिका कशी आखावी: पहिल्या एफए कपने शिकवलेले नियम

भाग्यपत्रिका म्हणजे कोण कोणाशी, कधी खेळणार याचा तक्ता. आधी सामने मोजा. बाद पद्धतीत प्रत्येक लढतीत एकच संघ बाहेर पडतो आणि शेवटी एकच उरतो, म्हणून जितके संघ त्याहून एक कमी सामना. २२ संघ असतील तर २१ सामने. तिसऱ्या क्रमांकाची लढत ठेवलीत तर २२. मैदान किती दिवस हवे, पंच किती लागतील, हे या आकड्यावरून ठरते.

मग पुढे चाल, म्हणजे सामना न खेळता थेट पुढच्या फेरीत जाणे. फेऱ्या बरोबर जुळायच्या तर संघ ४, ८, १६ किंवा ३२ हवेत. २२ संघांसाठी ३२ चा तक्ता घ्या: ३२ वजा २२, म्हणजे १० संघांना पुढे चाल. उरलेले १२ संघ ६ सामने खेळतात. ६ विजेते आणि हे १० मिळून १६ झाले की पुढे कुठेही अडत नाही. सर्व पुढे चाली पहिल्याच फेरीत द्या. ‘पुढचे पुढे बघू’ म्हणून ११ सामने लावले, तर दुसऱ्या फेरीत ११ संघ उरतात आणि मग उपांत्य फेरीच्या तोंडावर कुणाला तरी फुकट पुढे सरकवावे लागते.

हे खरोखर घडले आहे. फुटबॉल असोसिएशनचे सचिव चार्ल्स अल्कॉक यांच्या कल्पनेतून १८७१-७२ मध्ये इंग्लंडात एफए कप ही बाद पद्धतीची फुटबॉल स्पर्धा सुरू झाली. १५ क्लबांनी नावे दिली होती. हिशेबाने एकच पुढे चाल पुरली असती. पण ग्लासगोचा क्वीन्स पार्क आणि लिंकनशायरचा डोनिंग्टन स्कूल यांना सामन्याची तारीख जमेना, तेव्हा दोघांनाही पुढे धाडले. हिचिन आणि क्रिस्टल पॅलेस बरोबरीत सुटले, तेही दोघे पुढे. तिसऱ्या फेरीत पाच संघ उरले. क्वीन्स पार्कला पुढे चाल मिळाली आणि तो एकही सामना न खेळता उपांत्य फेरीत पोचला. तिथे वाँडरर्सशी बरोबरी झाली. पुन्हा लंडनला येण्याचा खर्च झेपेना म्हणून त्याने माघार घेतली. १६ मार्च १८७२ ला लंडनच्या ओव्हल मैदानावर वाँडरर्सने रॉयल इंजिनियर्सला १-० हरवून कप उचलला. त्याआधी वाँडरर्सने मैदानात जिंकलेला सामना एकच होता!

म्हणून सोडतीच्या आधीच लेखी ठरवा: वेळेवर न आलेल्या संघासाठी किती मिनिटे थांबायचे (१५ पुरेत), तारीख कोण ठरवणार (फक्त आयोजक, संघ नव्हेत), बाहेरगावच्या संघांचा प्रवासखर्च कोणाचा आणि बरोबरी झाली तर काय. चारही गोष्टींवर कर्णधारांच्या सह्या घ्या.

बरोबरीचा नियम सर्वांत महत्त्वाचा. पूर्वी सामना पुन्हा खेळवत. १९७१ मध्ये अल्व्हचर्च आणि ऑक्सफर्ड सिटी यांचा निकाल लागायला सहा सामने, एकूण ११ तास लागले. एफए कपने १९९१-९२ पासून एकाच फेरसामन्यानंतर पेनल्टी आणल्या आणि २०२४-२५ पासून मुख्य स्पर्धेतले फेरसामने बंदच केले. एका मैदानावर दिवसाला पाच-सहा सामने असतील, तर सुरुवातीच्या फेऱ्यांत सरळ टायब्रेकर (पेनल्टी किकांवर निकाल) ठेवा आणि प्रत्येक सामन्याच्या वेळेत त्यासाठी २० मिनिटे धरा. जादा वेळ फक्त उपांत्य आणि अंतिम सामन्याला. १०-१० मिनिटांचे दोन डाव पुरतात, नियमाने प्रत्येकी १५ पर्यंत चालतात.

टायब्रेकरला भांडण बहुधा खेळाडूंच्या संख्येवरून होते. एका संघाचा खेळाडू लाल कार्ड मिळून बाहेर गेला असेल, तर दुसऱ्यानेही एक कमी करून संख्या सारखी करायची. सामना संपताना मैदानात असलेलेच किक मारतात आणि सर्वांची एकेक किक झाल्याशिवाय कुणाला दुसरी नाही.

मानांकन (ताकदीनुसार क्रमांक) देणार असाल तर पहिला आणि दुसरा संघ तक्त्याच्या दोन टोकांना ठेवा. आठ संघांत जोड्या वरून खाली अशा: १-८, ४-५, ३-६, २-७. २२ संघांत चार मानांकितांना पुढे चाल द्या, उरलेल्या सहा चिठ्ठ्या टाकून काढा. सोडत सर्व कर्णधारांसमोर. एफए कपही बड्यांना असाच उशिरा आत घेतो: वरच्या दोन विभागांचे ४४ क्लब तिसऱ्या फेरीत येतात, खालून आलेल्या २० संघांसह ६४ होतात. तिथे प्रत्येक फेरीची सोडत नव्याने निघते. गावच्या स्पर्धेत मात्र पूर्ण तक्ता पहिल्याच दिवशी लावा, म्हणजे संघांना वेळा आधी कळतात.

महिलांची स्पर्धा उरलेल्या वेळेत कोंबू नका. तिची वेगळी भाग्यपत्रिका आणि त्याच दर्जाचा पंच हवा. इंग्लंडात डिसेंबर १९२१ मध्ये फुटबॉल असोसिएशनने आपल्या क्लबांची मैदाने महिलांना बंद केली आणि अन्यायाचे ते दार जवळपास ५० वर्षे मिटलेले राहिले. तरी १९७०-७१ च्या पहिल्या महिला कपला ७१ संघ आले आणि साउदॅम्प्टनने स्टुअर्टन थिसलला ४-१ हरवून तो जिंकला. वरच्या पद्धतीने, १२८ चा तक्ता घेऊन, ७१ संघांना ५७ पुढे चाली आणि पहिल्या फेरीत फक्त ७ सामने लागतात.

आपल्याकडे महिलांचे सहाच संघ आले तर निव्वळ बाद पद्धत टाळा: पाच सामन्यांत खेळ संपतो आणि किमान दोन संघ, मग ते लांबून आलेले का असेनात, एकेक सामना खेळून परततात. तीन-तीनचे दोन गट करा, गटात प्रत्येकाचा प्रत्येकाशी सामना ठेवा (हीच गटसाखळी), प्रत्येकातले पहिले दोन उपांत्य फेरीत घ्या. भारतातली १८८८ पासूनची ड्युरंड फुटबॉल स्पर्धाही आता आधी गटसाखळी, मग बाद फेरी अशीच होते. सामने ९ होतात, दोन दिवसांत बसतात आणि प्रत्येक संघाला किमान दोन सामने मिळतात.