पिशवीतली माती आणि वावरातली माती: नमुना कसा काढावा

एका एकरातल्या वरच्या १५ सेंटिमीटर मातीचं वजन साधारण ९ लाख किलो भरतं. प्रयोगशाळेत सेंद्रिय कर्ब काढताना त्यातली जेमतेम ग्रॅमभर माती काचेच्या भांड्यात जाते. त्या एका ग्रॅमनं ९ लाख किलोंच्या वतीनं बोलायचं असतं. ते बोलतंही नीट, फक्त ते कुठून उचललं यावर सगळं येतं.

‘शितावरून भाताची परीक्षा’ ही म्हण भात खाणाऱ्यांची. आमच्या परभणीकडं ताटात रोज भाकरी. तरी म्हण सगळ्यांच्या तोंडी आहे आणि तिच्यात एक अट दडलेली आहे. भात शिजवणारी बाई वरवरचं शीत उचलत नाही. पळी तळापर्यंत घालते, भात वरखाली करते आणि मग एक शीत बोटांत चिरडून बघते. ढवळणं म्हणीत आलेलं नाही, कारण स्वयंपाक करणाऱ्याला ते सांगावं लागत नाही. वावर मात्र ढवळता येत नाही. म्हणून नमुना काढणाऱ्यालाच वावरभर फिरावं लागतं.

मी पहिल्यांदा माती तपासायला नेली तेव्हा हे फिरणं टाळलं होतं. ऊन फार, म्हणून आखाड्यापासून, म्हणजे वावरातल्या गोठा-झोपडीपासून, वीस पावलांवर, बैल बांधायच्या जागेशेजारी टिकाव मारला. एकाच खड्ड्यातली किलोभर माती पिशवीत भरली. अहवाल इतका छान आला की घरात सगळ्यांना वाचून दाखवला. त्याच हंगामात वरच्या अंगाला सोयाबीन पिवळं पडलं. कोवळी पानं पिवळी आणि शिरा तेवढ्या हिरव्या, म्हणजे लोह कमी पडल्याची खूण. अहवालात लोह भरपूर होतं. अहवाल खोटा नव्हता, तो गोठ्याच्या जागेचा होता.

‘सगळं’ म्हणजे किती, ते आधी ठरवा

नमुना कशाच्या वतीनं बोलणार आहे, हे टिकाव उचलण्याआधी ठरलं पाहिजे. पुढच्या हंगामात खत किती टाकावं एवढाच प्रश्न असेल, तर सगळं म्हणजे ते एक खत पडणारं सगळं रान. पण ‘हा पट्टा दरवर्षी का पिवळा पडतो’ असा प्रश्न असेल, तर सगळं म्हणजे फक्त तो पट्टा. तेव्हा पट्ट्याचा एक नमुना आणि शेजारच्या चांगल्या रानाचा दुसरा, असे दोन काढावेत. सगळ्या वावराची माती एकत्र केली तर पट्ट्याचं दुखणं त्यात बुडून जातं.

बांध, झाडाखालची जागा, उकिरडा, विहिरीचा काठ, जनावरं बसायची जागा, पाणी साचणारा खड्डा या जागा वगळायच्या. नुकतंच खत पडलेलं रानही दोन-तीन महिने नको. यात लबाडी नाही. या जागा ज्या ‘सगळ्या’बद्दल विचारायचं आहे त्यात मुळी नाहीतच. अट एकच, काय वगळायचं ते आधी ठरवायचं. खणल्यावर माती आवडली नाही म्हणून वगळली, तर ती लबाडीच.

वेगळं आहे ते वेगळं काढा

मराठवाड्यात ही पायरी सगळ्यात जास्त चुकते. आपली बहुतेक जमीन काळ्या बेसाल्ट खडकापासून झालेली, पण उतारावरून माती वाहत वाहत खाली येते. बालाघाटाच्या अंगाला बीड, धाराशिव, लातूरकडं बघा: माथ्यावर हातभर खणलं की मुरूम लागतो आणि तोच उतार खाली ओढ्याला मिळतो तिथं भारी काळी. गोदाकाठी गेलात तर काळी कितीही खोल. एकाच गटात, एकाच सातबाऱ्यावर, बरड (उथळ, मुरमाड माती) आणि काळी दोन्ही असणं हे आपल्याकडचं रोजचंच.

समजा बरडात स्फुरद (फॉस्फरस) कमी आहे आणि काळीत भरपूर. दोन्हींची माती एका घमेल्यात कालवली तर अहवाल येईल ‘मध्यम’. आणि मध्यम माती तर त्या वावरात कुठंच नाही! वरच्या अंगाला खत कमी पडेल, खालच्या अंगाला वाया जाईल.

तेव्हा नमुन्याआधी वावराचा कच्चा नकाशा कागदावर काढा. रंग कुठं बदलतो, उतार कुठं मोडतो, पाऊस झाल्यावर वाफसा आधी कुठं येतो, कुठं चोपण (क्षारानं बिघडलेली जमीन) आहे, कुठं चुनखडी वर आली आहे. मागच्या साली एका भागात ऊस आणि दुसऱ्यात तूर असेल तर तेही वेगळं धरा. घरात म्हातारं माणूस असेल तर त्याला बांधावर घेऊन जा. कुठल्या तुकड्यात औत जड चालतं, हे त्याच्याइतकं कुणाला ठाऊक नसतं. जितके तुकडे निघतील तितके नमुने काढा. खर्च वाढतो, हे खरं. पण सगळ्यांचा मिळून एक नमुना काढण्यापेक्षा मोठ्या दोन तुकड्यांचेच काढलेले बरे.

जागा डोळ्यांना निवडू देऊ नका

आपण म्हणतो, ‘मी कुठंही खणलं’. कुठंही म्हणजे बहुतेकदा जिथं ढेकळं नाहीत, सावली जवळ आहे, पाय घसरत नाही तिथं. उभ्या पिकात तर डोळा आपोआप गर्दीकडं जातो. विरळ जागी थांबायला मन घेत नाही. म्हणून जागा ठरवायचं काम डोळ्यांकडून काढून घ्या.

खिशातल्या दोन नोटा काढा. पहिल्या नोटेच्या क्रमांकाचे शेवटचे दोन आकडे बघा, समजा ३७. लांबीच्या बांधावरून ३७ पावलं चाला. दुसऱ्या नोटेचे शेवटचे दोन आकडे १४, तर तिथून वावरात आत १४ पावलं. जिथं थांबाल तिथं खणा. आकडा वावराबाहेर जात असेल तर दुसरी नोट घ्या. सगळ्या जागा अशा आकड्यांवर शोधायचा कंटाळा येत असेल तर नागमोडी चाला आणि ठरलेल्या पावलांवर थांबा, तेही चालतं. मात्र काकऱ्यांना समांतर चालू नका, आडवे चाला. नाही तर पेरणीच्या वेळी खत पडलेली रेघच दर वेळी टिकावाखाली येईल.

एका तुकड्यात ८ ते १० जागा तरी घ्या.

खड्डा आणि पिशवी

वेळ उन्हाळ्याची बरी, पीक निघाल्यावर आणि नवं खत पडायच्या आधी. वरचा पालापाचोळा हातानं बाजूला सारा; माती खरवडू नका. टिकावानं इंग्रजी ‘व्ही’ अक्षरासारखा खड्डा घ्या. सोयाबीन, ज्वारी, हरभऱ्यासाठी १५ ते २० सेंटिमीटर, कापूस-उसासाठी ३० पर्यंत. मोसंबीसारख्या फळबागेला दर ३० सेंटिमीटरच्या थराचा नमुना वेगळा लागतो. खड्ड्यातली सुटी माती बाहेर काढून टाका. मग खड्ड्याच्या एका बाजूनं वरपासून तळापर्यंत दोन बोटं जाडीची खाप काढा, वर जाड आणि खाली पातळ होऊ न देता. वरची माती जास्त आली तर खताचा अंश जास्त दिसतो. लोह, जस्त तपासायचं असेल तर खाप लोखंडी खुरप्यानं काढू नका. लाकडी किंवा प्लास्टिकची पट्टी वापरा.

सगळ्या खापा स्वच्छ घमेल्यात टाका, ढेकळं फोडा, खडे वेचा, सावलीत वाळवा. आता भाताची पळी चालवायची वेळ. माती गोणपाटावर पसरून चारी कोपरे आळीपाळीनं उचलत कालवा. गोल ढीग करा, बोटानं अधिकाचं चिन्ह काढून चार वाटे करा. समोरासमोरचे दोन वाटे टाकून द्या, उरलेले दोन पुन्हा कालवा, पुन्हा चार वाटे. अर्धा किलो उरेपर्यंत हेच चालू ठेवा. वरच्या वर ओंजळ भरून उचललेली माती चालत नाही. ढिगात बारीक कण मधे राहतात आणि जाडे कण घरंगळून कडेला जातात, त्यामुळं ओंजळ कुठं घातली त्यावर अहवाल फिरतो.

पिशवी कापडी आणि नवी हवी. खताची रिकामी पिशवी वापरणारे अजूनही भेटतात. त्यांच्या जमिनीत नत्राला तोटा नसतो. आत चिठ्ठी टाका: नाव, गाव, गट क्रमांक, तुकडा कोणता, खोली, तारीख, आधीचं पीक, पुढचं पीक. ‘तुकडा कोणता’ हे लिहायला माणसं विसरतात आणि मग दोन अहवाल हातात घेऊन काळीचा कुठला नि बरडाचा कुठला असं कोडं पडतं.

मोठा नमुना आणि चांगला नमुना

एका खड्ड्यातून पाच किलो माती नेली तरी ती एका खड्ड्याचीच. दहा खड्ड्यांतली थोडी थोडी मिळून अर्धा किलो झालेली माती तिच्यापेक्षा कितीतरी खरं बोलते. मात्र खड्डे वाढवण्यालाही मर्यादा आहे. जागा चौपट केल्या की चूक निम्मी होते, चौथाई होत नाही. दहाच्या चाळीस केल्या तर फायदा आहे, पण कमरेच्या मानानं नाही. आणि जागा चुकीच्या निवडल्या असतील तर चाळीस काय नि चारशे काय, आखाड्याभोवतीचे चारशे खड्डे मिळून आखाड्याचाच अहवाल देतील.

हा चौपटीचा हिशोब सोयाबीनच्या घरच्या बियाण्यात स्वच्छ दिसतो. उगवण तपासायला गोणपाटाची रीत सगळ्यांना माहीत आहे: ओल्या गोणपाटावर दहाच्या दहा ओळी, १०० दाणे, गुंडाळी करून सावलीत ठेवायची, पाणी शिंपडत राहायचं, सहा-सात दिवसांनी चांगले कोंब मोजायचे. ७० किंवा जास्त असेल तर बियाणं ठीक. पण खरी उगवण ७० असताना एकाच गुंडाळीत ६५ किंवा ७५ निघणं अगदी साधी गोष्ट आहे, नुसत्या योगायोगानंही निघतं. म्हणून ६७ आलं की बियाणं विकायला काढू नका आणि ७३ आलं की निर्धास्त होऊ नका. चार गुंडाळ्या करा, ४०० दाणे. सरकारी बीज तपासणीतही चारशेच मोजतात.

हे दाणे प्रत्येक पोत्यातून आले पाहिजेत, वरून, मधून, तळातून. थप्पीच्या खालच्या पोत्यांवर भार असतो आणि सोयाबीनचं साल नाजूक. दाणे मोजताना फुटके, बारीक बाजूला करू नका. सगळं बियाणं चाळणार असाल तर आधी सगळं चाळा आणि मग नमुना घ्या. जे नमुन्यावर केलं ते सगळ्यावर झालं पाहिजे, नाही तर नमुना परका होतो. उगवण ६० निघाली तर एकरी ३० किलोच्या जागी ३५ किलो धरा. ३० ला ७० नं गुणून ६० नं भागलं की झालं.

मोंढ्यात, म्हणजे धान्याच्या बाजारात, हाच प्रश्न उलटा होऊन येतो. तिथं नमुना तुम्ही काढत नाही, व्यापारी काढतो. ओलावा मोजायला मूठ एकाच पोत्यातून, तीही तोंडाशी दव बसलेल्या पोत्यातून घेतली, तर शांतपणे दुसऱ्या चार पोत्यांतून घ्यायला लावा. भांडायची गरज पडत नाही. ‘सगळ्यातलं घ्या की’ एवढं म्हटलं तरी आडत्याला कळतं.

दुसऱ्यानं काढलेला नमुना वाचताना

जमीन आरोग्य पत्रिका २०१५ साली सुरू झाली तेव्हा कोरडवाहू भागात १० हेक्टरला एक आणि बागायतीत अडीच हेक्टरला एक नमुना असं गणित होतं. १० हेक्टर म्हणजे २५ एकर. त्यात पाच-सात जणांची वावरं सहज येतात. तुमच्या नावाच्या पत्रिकेतली माती शेजाऱ्याची असू शकते. गावाला ढोबळ दिशा दाखवायला ती पत्रिका चांगली, पण वरच्या बरडाला किती गोण्या, हे तिला विचारू नये.

पीकविम्याचे कापणी प्रयोगही असेच: मोजून आखलेल्या प्लॉटमधलं पीक कापून उत्पन्न काढायचं. महसूल मंडळात (काही गावांच्या गटात) एका पिकाचे किमान १० प्रयोग होतात आणि त्यांच्या सरासरीवर मंडळातल्या सगळ्यांची भरपाई बरीचशी ठरते. इथं जागा आकड्यांनी निवडायची असते, पुढाऱ्याच्या किंवा रस्त्याकडेच्या पिकावरून नव्हे. प्लॉट कापताना कडेवर लक्ष ठेवा. साताऱ्याच्या बुध गावचे संख्याशास्त्रज्ञ पांडुरंग वासुदेव सुखात्मे यांनी १९४० च्या दशकात दाखवून दिलं की प्लॉट फार लहान घेतला तर उत्पन्न हमखास जास्त दिसतं. कारण साधं आहे. दोरीवर आलेलं झाड आत धरायचं की बाहेर, अशी वेळ आली की हात आत ओढतो. एक मीटर चौरस प्लॉटला एका चौरस मीटरमागं चार मीटर कड असते. दहा मीटर चौरस प्लॉटला फक्त ४० सेंटिमीटर. जितकी कड जास्त तितकी ही ओढाताण जास्त. आणि सरासरी फुगली की भरपाई आटते. प्रयोग तुमच्या शिवारात असेल तर जाऊन उभे राहा, दोरी ताणलेली आहे का आणि झाड बुंध्यावरून धरलं की शेंड्यावरून, ते बघा.

पावसाचं तर विचारूच नका. २४ तासांत ६५ मिलिमीटरच्या वर झाला की मंडळात अतिवृष्टी धरतात आणि तो मोजतं मंडळातलं एक यंत्र. आपल्याकडं मृगात एका बांधावर धो धो आणि पलीकडच्या बांधावर धूळ, हे कुणी सांगायला नको. यंत्र खोटं बोलत नाही. ढगच त्याच्या डोक्यावर आलेला नसतो. आखाड्यावर, झाडापासून लांब, सरळ बाजूंचा एक डबा खांबावर बसवा. रोज सकाळी एकाच वेळी पट्टी बुडवून मिलिमीटर वाचा, तारखेसह वहीत लिहा आणि डबा रिकामा करा. पाऊस नसेल त्या दिवशीही शून्य लिहा, कोरी ओळ सोडू नका.