परराज्यातलं लायसन्स विदर्भातल्या गावच्या पत्त्यावर आणताना

राजनांदगावहून देवरीला किंवा आदिलाबादहून केळापूरला राहायला आलात, तरी जुनं लायसन्स मुदतीपर्यंत देशभर चालतं. नवं काढायचं नाही, फक्त पत्ता बदलायचा. (गाडीचं वेगळं: ती १२ महिन्यांपेक्षा जास्त इथे राहिली की इथला नंबर घ्यावा लागतो.)

आधी आधारवरचा पत्ता बदला. बहुतेकांचं घोडं इथेच अडतं. मग परिवहन खात्याच्या ‘सारथी’ या वेबसाइटवर महाराष्ट्र निवडून, लायसन्स नंबर आणि जन्मतारीख टाकून पत्ताबदलाचा अर्ज भरा. पत्ताबदलाची केंद्रीय फी २०० रुपये, कार्डाचे वेगळे. सेतूवाल्याकडून भरलात तरी ओटीपीसाठी मोबाइल स्वतःचाच द्या.

जुनं पुस्तकी लायसन्स सारथीवर दिसतच नसेल, तर आधी मूळ आरटीओतून त्याची ऑनलाइन नोंद करून घ्या. त्याशिवाय अर्ज पुढे सरकत नाही.

मुदत वर्षभरात संपणार असेल तर नूतनीकरणही सोबतच उरका. संपून वर्ष उलटलं, तर पुन्हा चाचणी.

कार्ड टपालानं येतं. पत्त्यात पोस्ट, तालुका, पिनकोड हवेच. रोवणीत घराला कुलूप असेल तर पोस्टमनला सांगून ठेवा.